मंत्रपाटी घरी कशी बनवावी: लॅमिंग्टन रोडपासून तिसऱ्या घंटेपर्यंत

आमच्या बालनाट्यात दोन बहिणी आहेत. थोरली गिरगावातल्या चाळीत, धाकटी समुद्रातल्या एका बेटावर अडकलेली. दोघींकडे आजोबांनी दिलेली एकेक पाटी. एकीनं बोरूनं (काडीच्या लेखणीनं) खूण काढली की ती दुसरीच्या पाटीवर उमटते, आणि जे काढलं ते घडतं. दिव्याची खूण काढली तर दिवा लागतो, दाराची काढली तर दार उघडतं. संहितेत हे सगळं दोन ओळींत होतं. ते मंचावर खरोखर करून दाखवायचं काम माझ्याकडे आलं तेव्हा मला साधा डाख (सोल्डर) देता येत नव्हता.

आता पाट्या तयार आहेत आणि चालतात. मधल्या तीन महिन्यांत दोन सर्किट बोर्ड जळले आणि बऱ्याच रात्री गेल्या. शाळेच्या स्नेहसंमेलनासाठी, एकांकिकेसाठी किंवा घरातल्या मुलांसाठी अशी मंत्रपाटी बनवायची असेल, तर तो वेळ तुमचा तरी वाचावा म्हणून हे लिहिते आहे. प्रोग्रामिंगची तोंडओळख असली तर उत्तम. नसली तरी घाबरू नका, जवळचं कोणी दहावी-अकरावीतलं मूल सोबत घ्या.

१. आधी खुणा ठरवा, सामान नंतर

बहुतेक जण आधी बाजारात धावतात. मीही तेच केलं होतं. खरं तर पाटीवर काय काढायचं हे ठरल्याशिवाय बाकी काहीच ठरत नाही.

खुणा पाच ते सात ठेवा, त्याहून जास्त नको. नाटकातल्या मुलांना त्या पाठ व्हायला हव्यात आणि प्रेक्षकांना दुसऱ्यांदा दिसल्यावर ओळखू यायला हव्यात. आमच्या पाच आहेत: दिवा, दार, पाऊस, धोका, परत ये.

खूण हात न उचलता काढता आली पाहिजे. याचं तांत्रिक कारण सातव्या पायरीत येईल, पण दिसायलाही तेच छान दिसतं. मला हे मोडी लिपीवरून सुचलं. मोडीत आधी कागदभर आडवी शिरोरेघ ओढतात आणि मग बोरू शक्यतो न उचलता अक्षरं तिला लटकवत नेतात, त्यामुळे वळणांना एक वेग असतो. मोडीचं एखादं पान समोर ठेवून वळणं नुसती गिरवून बघा, खुणा आपोआप सुचायला लागतात. साधेपणासाठी चैत्रांगणाची रांगोळीही बघा. शंख, कासव, गोपद्म किती कमी रेघांत काढलेले असतात!

दोन गोष्टी मात्र टाळा. मोडीतलं अक्षर जसंच्या तसं ‘मंत्र’ म्हणून वापरू नका. प्रेक्षकांत मोडी वाचणारे आजोबा हमखास असतात आणि जादूची खूण त्यांना सरळ ‘घ’ म्हणून वाचता येते. पूजेतली यंत्रंही वापरू नका, कुणाच्या देवघरातली वस्तू आपल्या खेळात आणायची गरज नाही. खूण स्वतःची घडवा.

२. लागणारं सामान

दोन पाट्यांसाठी:

- २.८ इंची पडदा जोडलेले ईएसपी-३२ बोर्ड (वायफाय असलेले छोटे संगणक), २ (आणि एक जादा, कारण दहाव्या पायरीत कळेल). दुकानात ‘पिवळा डिस्प्ले बोर्ड’ म्हटलं की समजतात. पडद्याचे ठिपके ३२० बाय २४०.
- लिथियम पॉलिमर बॅटरी, ३.७ व्होल्ट, २००० मिलीअँपिअर-तास, २
- टीपी-४०५६ चार्जिंग मॉड्यूल, संरक्षण असलेलं, २
- एमटी-३६०८ बूस्ट मॉड्यूल (बॅटरीचे व्होल्ट वाढवणारं), २
- डब्ल्यूएस-२८१२ रंगीत एलईडीची पट्टी, प्रत्येक पाटीला ८ दिवे
- सरकता स्विच, बारीक वायर, हीट श्रिंक नळी (तापवली की तारेवर आवळते)
- लाकडी चौकटीच्या शाळेच्या पाट्या, २, आणि ३ मिलिमीटर एमडीएफ
- बोरू, ४ (दोन नक्की मोडतात)

अवजारं: सोल्डरिंग गन, मल्टिमीटर (व्होल्ट मोजायला), कटर, पॉलिश पेपर. बाकी कशात काटकसर केली तरी चालेल, मल्टिमीटर मात्र घ्याच.

पडदा रेझिस्टिव्ह आहे ना, हे विचारून घ्या. मोबाइलचा पडदा बोटातल्या विजेवर चालतो, त्यावर लाकडी बोरू चालत नाही. रेझिस्टिव्ह पडदा दाबावर चालतो, म्हणून त्यावर बोरू, नख, काडी काहीही चालतं. दुकानदार पुष्कळदा ‘हा नवा आहे, हा घ्या’ म्हणून दुसरा प्रकार पुढे करतात. आपल्या कामाला जुनाच बरा.

३. लॅमिंग्टन रोडवर जाताना

मुंबईत इलेक्ट्रॉनिक सामान घ्यायचं ते लॅमिंग्टन रोडवर. रस्त्याच्या पाटीवर नाव डॉ. दादासाहेब भडकमकर मार्ग, तोंडी नाव लॅमिंग्टन रोड. ग्रँट रोड स्टेशनला उतरून पूर्वेला या, चालत काही मिनिटं. रविवारी बहुतेक दुकानं बंद असतात, शनिवारी संध्याकाळी गर्दी असते. आठवड्यातली सकाळ उत्तम.

यादी कागदावर नेलेली बरी. काउंटरवर माणसं उभी असतात, तुम्ही मोबाइलमध्ये फोटो शोधेपर्यंत दुकानदार पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळतो. भाव दोन-तीन ठिकाणी विचारा. तिन्ही बोर्ड एकाच दुकानातून, एकाच खोक्यातले घ्या. या बोर्डाच्या वेगवेगळ्या आवृत्त्या एकाच नावानं विकल्या जातात आणि काहींवर तोच प्रोग्राम चढवला तर रंग उलटे दिसतात. माझ्या दोन पाट्यांपैकी एक काळी आणि एक पांढरी दिसत होती, आणि मी आठवडाभर स्वतःच्या प्रोग्राममध्ये चूक शोधत बसले होते.

पाट्यांना एकमेकींशी बोलायला लांब पल्ल्याचं ‘लोरा’ रेडिओ मॉड्यूल घ्या, असंही कुणी सुचवेल. भारतात त्यासाठी ८६५ ते ८६८ मेगाहर्ट्झचा पट्टा परवान्याशिवाय खुला आहे, आणि ते किलोमीटरच्या अंतराला चांगलं. पण त्याचा वेग फार कमी असतो. एका विंगेतून दुसऱ्या विंगेपर्यंत जायला ते नको.

४. बोर्ड संगणकाला जोडा

बोर्डाचा प्रोग्राम लिहायला आर्डुइनोचं सॉफ्टवेअर घ्या, त्यात ईएसपी-३२ चे बोर्ड जोडा, पडद्यासाठी टीएफटी-ईएसपीआय ही लायब्ररी (तयार प्रोग्रामचा संच) घ्या. इथे नवखे माणूस चार ठिकाणी अडकते.

बोर्ड संगणकाला दिसतच नाही: दहापैकी नऊदा केबल नुसती चार्जिंगची असते, तिच्यात डेटाच्या तारा नसतात. दुसरी केबल लावा. तरीही दिसला नाही तर सीएच-३४० चा (बोर्डावरच्या यूएसबी चिपचा) ड्रायव्हर टाका.

प्रोग्राम चढत नाही: चढवताना बोर्डावरचं ‘बूट’ बटण दाबून धरा.

पडदा पांढराफटक राहतो: लायब्ररीच्या ‘यूजर सेटअप’ फाइलमध्ये तुमच्या बोर्डाच्या पिना लिहायच्या राहिल्या आहेत.

पडदा दिसतो पण स्पर्श लागत नाही: या बोर्डावर पडदा आणि स्पर्श यांच्या तारा वेगवेगळ्या आहेत. त्यामुळे पडद्याच्या लायब्ररीतला स्पर्शाचा भाग इथे चालत नाही. स्पर्शासाठी एक्सपीटी-२०४६ ची (स्पर्श वाचणाऱ्या चिपची) स्वतंत्र लायब्ररी घ्या आणि तिला तिच्या वेगळ्या पिना द्या. हे कळायला मला सगळ्यात जास्त वेळ लागला.

मग चारही कोपऱ्यांवर बोरू टेकवून येणारे आकडे लिहून घ्या. प्रत्येक पडद्याचे आकडे वेगळे येतात, एका पाटीचे दुसरीत चिकटवू नका.

५. दोन पाट्यांची ओळख करून द्या

दोन बोर्डांना थेट बोलण्यासाठी ईएसपी-नाऊ नावाची सोय आहे. राउटर नको, इंटरनेट नको, नाट्यगृहाचा वायफाय मागायला नको. प्रत्येक बोर्डाला स्वतःचा मॅक पत्ता, म्हणजे ओळख क्रमांक असतो. पहिलीचा दुसरीत लिहा, दुसरीचा पहिलीत. सगळ्यांना ऐकू जाईल असा सामायिक पत्ताही वापरता येतो, पण त्यात समोरच्याला मिळालं की नाही याची पोच येत नाही. नाव घेऊन पाठवलं तर पोच येते, आणि न आल्यास पुन्हा पाठवता येतं.

दोन्ही बोर्ड वायफायच्या एकाच चॅनलवर ठेवा. इंटरनेटवरची जुनी उदाहरणं उतरवून घेतलीत आणि ती चुका दाखवायला लागली, तर तुमचं काही चुकलेलं नाही. बोर्डाच्या सॉफ्टवेअरची ३.० आवृत्ती आल्यापासून संदेश घेणाऱ्या फंक्शनची रचना बदलली आहे. नवं उदाहरण शोधा.

६. चित्र पाठवू नका, हात पाठवा

हा सगळ्यात महत्त्वाचा भाग आहे, इथे घाई करू नका.

पहिल्या तालमीत आम्ही खूण पूर्ण झाली की ती दुसरीकडे एकदम दाखवत होतो. परळच्या शाळेच्या वर्गात तालीम होती. थोरलीनं दिव्याची खूण काढली, धाकटीच्या पाटीवर टचकन चित्र आलं. समोर बसलेला सात वर्षांचा मुलगा म्हणाला, “ताईच्या मोबाइलवर फोटो आला.” आणि त्याचं बरोबर होतं. आम्ही फोटोच पाठवला होता.

मग मी हाताची हालचाल पाठवायला सुरुवात केली. बोरू कुठून निघाला, कुठे रेंगाळला, कुठे झरकन वळला, ते सगळं त्याच क्रमानं आणि त्याच वेगानं. दुसऱ्या पाटीवर आता रेघ स्वतःहून चालत येते, जणू पडद्याच्या आतून कोणी लिहितंय. त्याच मुलानं उठून पाटीच्या मागे जाऊन पाहिलं. तेव्हा मला कळलं की आता पाटी जमली.

करायचं असं. लिहिण्याची जागा ३२० बाय २४० न ठेवता २४० बाय २४० चा चौकोन ठेवा. का? प्रत्येक आकडा ० ते २३९ मध्ये बसतो, म्हणजे एका बाइटमध्ये मावतो. एक बिंदू म्हणजे दोन बाइट. दर २० मिलिसेकंदांनी एक बिंदू टिपा, सेकंदाला ५० होतात. दहा बिंदू जमले की एक पाकीट पाठवा. ईएसपी-नाऊच्या मूळ रूपात एका पाकिटाला २५० बाइटची मर्यादा आहे, आपलं पाकीट पंचवीस-तीसच्या पुढे जात नाही. बोरू उचलला हे सांगायला २५५, २५५ असा बिंदू पाठवा. तो चौकोनात कधीच येऊ शकत नाही, त्यामुळे गोंधळ नाही.

पाकिटांना क्रमांक द्या. पोच आली नाही तर तेच पाकीट पुन्हा पाठवा, आणि घेणाऱ्या पाटीला तोच क्रमांक दुसऱ्यांदा आला तर ती तो सोडून देईल असं करा. नाहीतर पावसाची खूण मधूनच तोतरी होते.

आणखी तीन गोष्टी:

बोरू उचलताना दाब कमी होतो आणि शेवटचे दोन-तीन बिंदू भलतीकडे उडतात, खुणेला शेपूट फुटतं. ते बिंदू टाकून द्या.

पाकिटं आल्या-आल्या काढू नका. कधी लवकर येतात, कधी उशिरा, आणि रेघ अडखळते. आलेले बिंदू रांगेत ठेवा आणि दुसरी पाटी मुद्दाम ३०० मिलिसेकंद मागे चालवा. मंचावर तो उशीर कळत नाही, उलट खूण लांबून आल्यासारखी वाटते.

संदेश घेणाऱ्या फंक्शनच्या आत पडद्यावर काही काढू नका. ते फंक्शन वायफायच्या कामात चालतं, तिथे रेंगाळलात तर पुढची पाकिटं हरवतात. तिथे फक्त रांगेत टाका, काढायचं काम मुख्य लूपमध्ये करा.

७. पाटीला खूण ओळखायला शिकवा

दिव्याची खूण आली की एलईडी पिवळे व्हावेत, धोक्याला लाल. म्हणजे पाटीला खूण कळली पाहिजे. त्यासाठी मोठं काही लागत नाही. २००७ साली मांडलेली ‘वन डॉलर’ नावाची पद्धत पुरते. ती रेघेचे समान अंतरावर ६४ बिंदू करते, फिरवून आणि ताणून एका मापात आणते आणि साठवलेल्या नमुन्यांशी अंतर मोजते. ईएसपी-३२ ला हे सहज झेपतं.

ही पद्धत एका रेघेसाठीच आहे, म्हणून पहिल्या पायरीत हात न उचलण्याचा आग्रह धरला. ती खूण फिरवून बघते, म्हणून वर तोंड केलेला बाण आणि खाली तोंड केलेला बाण तिला सारखेच. ती ताणून बघते, म्हणून गोल आणि लंबगोल सारखे. सरळ आडवी रेघ खूण म्हणून घेऊच नका. दिशा मात्र तिला कळते: डावीकडून काढलेली आणि उजवीकडून काढलेली खूण ती वेगळी धरते. तेव्हा नमुने नाटकातल्या मुलांच्याच हातानं काढून घ्या, तुमच्या नाही. आमची धाकटी डावखुरी आहे. माझ्या नमुन्यांवर तिची एकही खूण ओळखली जात नव्हती, आणि ती बिचारी स्वतःलाच दोष देत होती.

८. वीज

इथे मन लावून वाचा, बोर्ड इथेच जळतात.

एमटी-३६०८ वर एक छोटा पितळी स्क्रू असतो. त्यावर बाहेर जाणारा दाब ठरतो, आणि तो २८ व्होल्टपर्यंत जाऊ शकतो. बोर्ड जोडण्याआधी मल्टिमीटर लावून तो ५ व्होल्टवर आणा. कधी कधी बरेच वेढे फिरवेपर्यंत आकडा हलत नाही, धीर धरा. माझा पहिला बोर्ड मी हे न बघता जोडला होता.

दुसरा गेला तो बॅटरीमुळे. बॅटरीच्या पांढऱ्या कनेक्टरमध्ये लाल तार कोणत्या बाजूला याला काही नियम नाही, उत्पादकागणिक बदलते. कनेक्टर बसला म्हणजे जोडणी बरोबर असं समजू नका, मल्टिमीटरनं तपासा.

टीपी-४०५६ चं मॉड्यूल बाजारात मिळतं तसं १ अँपिअरनं चार्ज करतं. ५०० ची छोटी बॅटरी त्याला लावली तर तापते, म्हणून यादीत २००० लिहिली. चार्जिंग चालू असताना पाटी वापरू नका, आणि फुगलेली बॅटरी कितीही नवी असली तरी बाजूला काढा. ही पाटी मुलांच्या हातात जाणार आहे.

५ व्होल्ट बोर्डाच्या ‘व्हीआयएन’ लिहिलेल्या पिनेला द्या. तेव्हा यूएसबी काढलेली असू द्या. एलईडीला डेटा द्यायला २२ किंवा २७ नंबरची पिन घ्या. ३५ नंबर मोकळा दिसतो, पण त्यातून फक्त आत येता येतं, बाहेर काही पाठवता येत नाही. एक एलईडी पूर्ण पांढरा लागला तर ६० मिलीअँपिअरपर्यंत खातो, आठ म्हणजे अर्ध्या अँपिअरच्या जवळ. प्रकाश चौथाईवर ठेवा. मंचावर अंधार असतो, तेवढा भरपूर होतो.

९. चौकट आणि बोरू

शाळेच्या पाटीची लाकडी चौकट ठेवा, दगड काढा. त्या जागी काळ्या मॅट रंगाची एमडीएफची फळी, तिला पडद्याएवढी खिडकी. बोर्ड आणि बॅटरी मागे, त्यावर चार स्क्रूंचं झाकण. झाकण चिकटवू नका, ते दर तालमीला उघडावं लागतं. एलईडीची पट्टी चौकटीच्या आतल्या कडेला, लिहिणारीच्या तोंडाकडे वळवून लावा. २.८ इंचांचा पडदा दहाव्या रांगेतून दिसत नाही. दिसतो तो मुलीच्या चेहऱ्यावर पडलेला उजेड.

जुनी दिसावी म्हणून मी चौकटीला तांब्याचा पत्रा लावला होता. फार सुंदर दिसत होती. आणि चार पावलांपलीकडे खूण जाईना. बोर्डाच्या एका टोकाला नागमोडी रेघांचा अँटेना असतो, त्याच्याजवळ कुठलाही धातू नको: पत्रा नको, फॉइल नको, धातूची पूड असलेला रंगही नको. हाताचा पंजाही तिथे येणार नाही अशा बाजूला अँटेना ठेवा. शरीरातलं पाणी रेडिओ तरंग शोषून घेतं. मुलींना पाटी खालून धरायला शिकवा आणि अँटेना वर राहू द्या.

बोरू कॅलिग्राफीचं सामान मिळतं तिथे मिळतो. त्याचं तिरपं धारदार टोक पडद्याची पातळ फिल्म खरवडतं, म्हणून टोक सरळ कापा आणि पॉलिश पेपरवर आधी जाड, मग बारीक असं घासून तांदळाच्या दाण्यासारखं गोल करा. गालावर फिरवून बघा. जिथे टोचेल तिथे पडद्यावरही ओरखडा पडेल. शेवटी थोडं मेण चोळा, म्हणजे बोरू सरकतो आणि किरकिर होत नाही.

१०. नाट्यगृहात

रिकाम्या सभागृहात चालली म्हणजे प्रयोगात चालेल असं नाही. पाटी २.४ गिगाहर्ट्झवर बोलते आणि प्रेक्षकांतला प्रत्येक मोबाइलही तिथेच गजबजाट करत असतो. १, ६ आणि ११ या तिन्ही चॅनलचे प्रोग्राम तयार ठेवा, आणि त्या जागी गर्दी कुठे कमी आहे ते मोबाइलवरच्या वायफाय तपासणाऱ्या ॲपमध्ये बघून त्या दिवशीचं ठरवा. पहिल्या घंटेच्या आधी विंगेतून विंगेत प्रत्येक खूण एकदा पाठवून बघा.

तिसरा बोर्ड यासाठी घ्यायला सांगितला: तो विंगेतल्या माणसाच्या हातात असतो. त्यावर पाचही खुणांची पाच बटणं, आणि प्रत्येकीच्या मागे मुलीच्याच हातानं आधी काढून साठवलेली रेघ. मंचावर खूण ओळखली गेली नाही तर विंगेतून तीच खूण दुसऱ्या पाटीवर जाते. आमच्या तीन प्रयोगांत हा बोर्ड दोनदा वापरावा लागला. मुलींना याची आधीच कल्पना द्या, म्हणजे खूण उमटायला क्षणभर लागला तर त्या गडबडत नाहीत, पाटीकडे बघत थांबतात.

नेण्या-आणण्याचंही सांगते. वायरी, बॅटरी आणि दिवे असलेली लाकडी पेटी घेऊन स्टेशनात शिरलात तर तपासणीच्या यंत्रावर ती कशी दिसेल याचा विचार करा. पाटी पारदर्शक डब्यात ठेवा, बॅटरी काढून वेगळ्या पिशवीत, आणि डब्यावर संस्थेचं नाव व ‘नाटकाचं सामान’ असं मोठ्या अक्षरांत. सोबत संस्थेच्या लेटरहेडवर दोन ओळींचं पत्र असू द्या. मला एकदा थांबवलं होतं. मी झाकण उघडून पाटी चालू केली, खूण काढून दाखवली, आणि पाच मिनिटांत सुटले. पण तेव्हा प्रयोगाला दोन तास होते. घाईच्या वेळी ते पाच मिनिटंही परवडत नाहीत.

प्रयोगांमध्ये मोठी खंड असेल तर बॅटरी अर्धी भरलेली ठेवा, साधारण ३.८ व्होल्ट. पावसाळ्यात पाट्या घट्ट झाकणाच्या डब्यात, सिलिका जेलच्या पुड्या टाकून. आमच्या खोलीत जुलैमध्ये बोरूंना बुरशी आली होती. ते आता मी डब्यात न ठेवता सुती कापडात गुंडाळून कपाटाच्या वरच्या फळीवर ठेवते.